हुकूम आणि कलम 34

माद्रिदमध्ये 1950च्या आसपास लष्करी अधिकाऱ्याचा दिवस बऱ्याचदा दुपारीच उरकायचा. बराकीत हजेरी, चार सह्या, थोडी कवायत, की झालं. मग घरी येऊन गणवेश खुंटीला, अंगावर साधा कोट आणि संध्याकाळी दुसरी नोकरी. कुणी शिकवण्या घ्यायचा, कुणी एखाद्या कंपनीत हिशेब बघायचा. या दुहेरी नोकरीसाठी स्पॅनिशमध्ये 'प्लुरिएम्प्लेओ' असा रोजच्या बोलण्यातला शब्द होता. ज्या लष्कराने तीन वर्षांचं यादवी युद्ध जिंकून फ्रांकोला गादीवर बसवलं, त्याच लष्करातल्या कॅप्टनचं पगारात भागत नव्हतं. हुकूमशाही म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर बूट, पदकं आणि संचलनं येतात. खुंटीवरचा गणवेश येत नाही.

त्याच काळात मान्वेल गुतिएरेस मेयादो नावाच्या एका अधिकाऱ्याने लष्करातून रजा घेतली आणि काही वर्षं खासगी धंद्यात काढली. माणूस हुशार, गुप्तवार्ता विभागात मुरलेला, कागदपत्रांत पक्का. पुढे तो परतला, पायरी-पायरीने चढत 1970 मध्ये जनरल झाला. फ्रांको मेल्यावर देशाचा उपपंतप्रधान झाला. आणि 23 फेब्रुवारी 1981च्या संध्याकाळी, अडुसष्टाव्या वर्षी, संसदेत घुसलेल्या सशस्त्र शिपायांच्या अंगावर हात वर न करता चालून गेला. आज जगाला त्याची ओळख आहे ती त्या अर्ध्या मिनिटामुळे. माझं म्हणणं असं की त्या अर्ध्या मिनिटामुळेच आपण त्याला चुकीच्या मापाने मोजतो. दूषण देणारेही आणि डोक्यावर घेणारेही.

आधी सुरुवात सांगतो, कारण ती फार अडचणीची आहे.

गुतिएरेस मेयादो यांचा जन्म 1912चा, माद्रिदचा. आईवडील लहानपणीच गेले. 1929 मध्ये ते सारागोसाच्या लष्करी प्रबोधिनीत दाखल झाले. तिथले संचालक होते फ्रांसिस्को फ्रांको. पुढे तोफखान्यात अधिकारी झाले. जुलै 1936 मध्ये स्पेनच्या निवडून आलेल्या प्रजासत्ताकाविरुद्ध लष्कराने बंड केलं तेव्हा हा चोवीस वर्षांचा लेफ्टनंट बंडखोरांच्या बाजूने उभा राहिला. माद्रिदमध्ये ते बंड फसलं, पुढे त्याला पकडून सान आन्तोनच्या तुरुंगात टाकण्यात आलं. तो तुरुंग म्हणजे पाद्र्यांच्या शाळेची ताब्यात घेतलेली इमारत. नोव्हेंबरमध्ये या आणि इतर तुरुंगांतून कैद्यांना बसमध्ये भरून शहराबाहेर पाराकुएयोसला नेलं जाऊ लागलं. तिथे त्यांना गोळ्या घातल्या. त्या काही आठवड्यांत दोन हजारांहून जास्त माणसं मारली गेली. गुतिएरेस मेयादो वाचले. सुटल्यावर ते माद्रिदमध्येच लपून राहिले आणि खोट्या कागदपत्रांवर फ्रांकोच्या गुप्तहेर यंत्रणेसाठी काम करू लागले. वेढलेल्या शहरातून आपल्या बाजूच्या माणसांना पलीकडे पोचवायचं आणि बातम्या काढायच्या, असं ते काम.

तर हा माणूस कायदेशीर सरकारविरुद्ध हत्यार उचलून कामाला लागला, आणि ज्याच्यासाठी उचललं त्याच्या राज्यात त्याने सुखाने नोकरी केली. फ्रांकोच्या छत्तीस वर्षांत त्याने जाहीरपणे विरोधाचा एक शब्द काढल्याचं दिसत नाही. हे झाकायचं कारण नाही आणि त्याने स्वतःही ते झाकलं नाही. 1936 मध्ये आपण बंडात होतो, हे तो शेवटपर्यंत मान्य करत असे.

आता यावर नेहमीचं एक उत्तर असतं: प्रायश्चित्त. तरुणपणी लोकशाही मोडायला हातभार लावला, म्हातारपणी छातीचा कोट करून ती वाचवली, हिशेब चुकता झाला. कथेला हे फार छान शोभतं. मला ते पटत नाही. माणसाचं आयुष्य वाण्याच्या वहीसारखं जमाखर्चाने मिटत नाही हे एक. दुसरं म्हणजे या मांडणीत मधली चाळीस-पंचेचाळीस वर्षं नुसती वाट पाहण्यात गेल्यासारखी वाटतात. मला तर त्या मधल्या वर्षांतच खरा मुद्दा दिसतो. हुकूमशाहीतल्या अधिकाऱ्याच्या मनात काय होतं, हे आपल्याला कधीच नीट कळणार नाही. त्याने हाताखालच्या माणसांना कशाची सवय लावली, हे मात्र तपासता येतं. मोजायचं ते त्यावर.

फ्रांकोच्या लष्कराला कसली सवय होती? युद्धात घाईघाईने तयार केलेले हजारो तात्पुरते अधिकारी युद्धानंतर कायम झाले. वर माणसं भरमसाट, खाली जुनाट बंदुका आणि पेट्रोलची मारामार. 1953च्या करारानंतर अमेरिकन मदत येऊ लागली, पण ढाचा तोच राहिला. बढती मिळायची ती मुख्यतः सेवाज्येष्ठतेने. रांगेत उभे राहा, गप्प राहा, नंबर लागेल. पगार कमी, पण मान मोठा: लष्करी वसाहत, लष्करी दवाखाना, लष्करी दुकान, मुलगाही पुढे त्याच प्रबोधिनीत. आणि वर्षातून एकदा विजयाचं संचलन, म्हणजे अर्ध्या देशावर आपण मिळवलेल्या विजयाचं. शत्रू सीमेपलीकडे नसून आपल्याच गल्लीत आहे, हे लष्कराला पिढी-दोन पिढ्या शिकवलं गेलं. फ्रांकोने लष्कराला श्रीमंत केलं नाही, सामर्थ्यवानही केलं नाही. जेत्यांचा मठ करून ठेवला.

या मठात काही वेगळी माणसंही होती. त्यांतले एक जनरल मान्वेल दिएस-अलेग्रिया, 1970 पासून संयुक्त मुख्यालयाचे प्रमुख. लष्कराने व्यावसायिक व्हावं, राजकारणाच्या बाहेर राहावं, असं मानणारे. गुतिएरेस मेयादो त्यांच्या हाताखाली काम करत होते आणि त्यांच्याच विचारांचे होते. एप्रिल 1974 मध्ये शेजारच्या पोर्तुगालमध्ये कॅप्टन-मेजर लोकांनी हुकूमशाही उलथवली. तिथल्या क्रांतीचा चेहरा झालेले जनरल स्पिनोला एका डोळ्याला एकभिंगी चष्मा लावायचे. त्यानंतर माद्रिदमध्ये दिएस-अलेग्रिया यांच्या पत्त्यावर टपालाने एकभिंगी चष्मे येऊ लागले. पाठवणारे निनावी, निरोप स्पष्ट: तुम्हीही करा. त्यांनी काही केलं नाही. तरी त्याच वर्षी जूनमध्ये फ्रांकोने त्यांना पदावरून काढलं. निमित्त झालं ते त्यांनी रुमानियाला जाऊन तिथला कम्युनिस्ट हुकूमशहा चाउशेस्कू याची भेट घेतल्याचं. चष्म्यांचा किस्सा विनोदी म्हणून सांगितला जातो. मला त्यात मोठी शोकांतिका दिसते. 'लष्कराने राजकारणात पडू नये' हे तत्त्व हुकूमशाहीत पाळायचं म्हणजे हुकूमशहाची नोकरी मुकाट करायची. तत्त्व चांगलं, पण जागा चुकीची.

फ्रांको 20 नोव्हेंबर 1975 रोजी गेला. पुढच्या जुलैत राजा हुआन कार्लोसने आदोल्फो स्वारेस यांना पंतप्रधान केलं आणि सप्टेंबरमध्ये लष्करी कारभार पाहणारे उपपंतप्रधान जनरल दे सान्तियागो कामगार संघटनांना मान्यता देण्यावरून भांडून बाहेर पडले. त्यांच्या जागी स्वारेस यांनी गुतिएरेस मेयादोंना आणलं.

इथून पुढची कामं कंटाळवाणी वाटतील, पण ती वाचल्याशिवाय गत्यंतर नाही. फेब्रुवारी 1977 मध्ये सेवेत असलेल्या अधिकाऱ्यांच्या राजकीय हालचालींवर बंदी आली. ज्यांना राजकारण करायचंय त्यांनी आधी गणवेश सोडावा. त्याच महिन्यात तिन्ही दलांच्या प्रमुखांचं संयुक्त मंडळ झालं. जूनमध्ये निवडणूक झाली. चाळीसेक वर्षांतली पहिली खरी निवडणूक. जुलैमध्ये तीन मंत्रालयं मोडून एक संरक्षण मंत्रालय केलं. ऐकायला हा केवळ प्रशासकीय फेरबदल वाटतो. पण तोवर भूदल, नौदल आणि हवाई दल यांचा प्रत्येकी एक मंत्री असायचा आणि तो त्या-त्या दलाचाच अधिकारी असायचा. म्हणजे मंत्रिमंडळाच्या बैठकीत लष्कराच्या तीन खुर्च्या कायमच्या. त्या तीनच्या एक झाल्या. आणि 1979 मध्ये त्या एका खुर्चीवरही गुतिएरेस मेयादो स्वतः उठून रोद्रिगेस साहागून हा नागरी माणूस बसला. एकदा खुर्ची काढून घेतली की पुन्हा मांडायला फार आवाज करावा लागतो, हे सरकारी कचेरीत आयुष्य काढलेल्या माणसालाच कळतं.

आणि मग डिसेंबर 1978. संविधान मंजूर झालं त्याच महिन्यात लष्कराची नवी नियमावली कायदा म्हणून आली. तिच्याआधीची होती कार्लोस तिसऱ्याच्या काळातली, 1768ची. नव्या नियमावलीचं कलम 34 काय सांगत होतं? एखादा हुकूम युद्धाच्या कायद्यांना आणि रिवाजांना उघडउघड धाब्यावर बसवणारा असेल, किंवा तो पाळणं गुन्हा ठरत असेल, विशेषतः संविधानाविरुद्धचा गुन्हा, तर तो पाळायला कुणीही सैनिक बांधील नाही. पाळला किंवा न पाळला, जबाबदारी त्याची.

हे वाक्य मी कितीदा तरी वाचलं असेल. ज्याने स्वतः चोवीसाव्या वर्षी वरिष्ठांच्या मागे जाऊन संविधान मोडलं, त्याच्याच मंत्रालयातून हे बाहेर पडावं! लष्कराला लोकशाहीवर प्रेम करायला सांगणारी भाषणं त्या काळात खूप झाली, त्यांचा काही उपयोग झाला असं वाटत नाही. या कलमाने प्रेम मागितलं नाही. त्याने लेफ्टनंटाच्या हातात एक कारण दिलं. 'साहेबांनी सांगितलं म्हणून केलं' हा जगातल्या सगळ्या बराकींचा जुना आसरा आहे, त्याचं छप्परच काढून घेतलं.

यासाठी त्याला जी किंमत मोजावी लागली ती जुन्या सोबत्यांनीच वसूल केली. 9 एप्रिल 1977, पवित्र शनिवार, लोक सुट्टीवर गेलेले असताना स्वारेस सरकारने कम्युनिस्ट पक्षाला मान्यता दिली. स्वारेस यांनी आदल्या सप्टेंबरमध्ये सेनानींना बोलावून धीर दिला होता. त्याचा अर्थ 'कम्युनिस्टांना मान्यता नाही' असा त्यांनी घेतला होता. नौदलमंत्री पीता दा वेगा यांनी राजीनामा दिला. भूदलाच्या उच्च मंडळाने तीव्र नापसंती नोंदवली आणि शिस्त म्हणून निर्णय मान्य केला. 'नापसंती, पण शिस्त म्हणून मान्य' हे त्या वर्षांचं सगळं वर्णन आहे. बास्क अतिरेकी संघटना एटा एकामागून एक अधिकाऱ्यांना गोळ्या घालत होती. 1980 या एका वर्षात तिने नव्वदहून अधिक माणसं मारली. प्रत्येक अंत्ययात्रेत राग सरकारवर निघायचा आणि सरकारचा हाताशी सापडणारा चेहरा म्हणजे गुतिएरेस मेयादो.

नोव्हेंबर 1978 मध्ये कार्ताहेनाला अधिकाऱ्यांसमोर ते नव्या संविधानाची बाजू मांडत असताना ग्वार्दिया सिव्हिल या निमलष्करी पोलीस दलाच्या जनरल आतारेस यांनी भर सभेत त्यांना गद्दार, फ्रीमेसन, डुक्कर अशा शिव्या घातल्या. खटला झाला आणि लष्करी न्यायालयाने आतारेस यांना निर्दोष सोडलं. (आतारेस यांना 1985 मध्ये पाम्पलोना इथे एटाने मारलं. त्या काळातल्या कुठल्याच माणसाची गोष्ट एका रंगात संपत नाही.) त्याच आठवड्यात माद्रिदच्या 'गालाक्सिया' नावाच्या कॉफीच्या दुकानात बसून पंतप्रधानांचं निवासस्थान ताब्यात घ्यायचा बेत आखणारे पकडले गेले. त्यांतला एक लेफ्टनंट कर्नल आन्तोनियो तेहेरो. शिक्षा काही महिन्यांची. तो पुन्हा कामावर. जानेवारी 1979 मध्ये माद्रिदचे लष्करी गव्हर्नर जनरल ओर्तिन यांना एटाने ठार केलं. त्यांच्या अंत्यविधीला गणवेशातल्या अधिकाऱ्यांनी शवपेटी खांद्यावर उचलली आणि गुतिएरेस मेयादोंना तोंडावर शिव्याशाप दिले.

इथे दुसऱ्या एका जनरलला भेटलं पाहिजे. हाइमे मिलान्स देल बोश. नेपोलियनविरुद्धच्या लढायांपासून घराण्यात जनरल. 1936 मध्ये तोलेदोच्या अल्काझार किल्ल्याच्या वेढ्यात प्रबोधिनीचा विद्यार्थी म्हणून लढलेला, पुढे हिटलरच्या मदतीला रशियात गेलेल्या 'ब्लू डिव्हिजन'मध्ये गेलेला, माद्रिदजवळच्या ब्रुनेते चिलखती डिव्हिजनचा प्रमुख राहिलेला, नंतर वालेन्सिया विभागाचा कॅप्टन जनरल. फ्रांकोच्या लष्करात याहून शोभिवंत सेवापुस्तिका क्वचितच सापडेल. 1979च्या मे महिन्यात भूदलप्रमुख नेमायची वेळ आली तेव्हा ज्येष्ठता आणि दबदबा यांवर ती खुर्ची मिलान्सची होती. सरकारने मागच्या रांगेतल्या जनरल गाबेइरास यांना वर आणून बसवलं. रांगेत उभं राहून नंबर लागण्याची चाळीस वर्षांची सवय एका नेमणुकीने मोडली. लष्करात संतापाची लाट उठली आणि तोही राग गुतिएरेस मेयादोंच्या नावावर जमा झाला.

दोघे एकाच पिढीचे, एकाच युद्धातले, एकाच हुकूमशहाचे सेवेकरी. फरक काय? मिलान्स शूर होता, हे त्याचे शत्रूही मान्य करतील. फरक असा की मिलान्सला लष्कर हे देशाचं मालक वाटत होतं आणि गुतिएरेस मेयादोला ती देशाची एक कचेरी वाटत होती. कचेरीचा माणूस कंटाळवाणा असतो. पण कचेरीला रणगाडे रस्त्यावर आणायची हौस नसते.

23 फेब्रुवारी 1981ला मिलान्सने वालेन्सियाच्या रस्त्यांवर रणगाडे आणले. माद्रिदमध्ये स्वारेस यांचा राजीनामा झाला होता, नव्या पंतप्रधानासाठी संसदेत एकेका सदस्याचं नाव पुकारून मतदान सुरू होतं. साडेसहाच्या आत तेहेरो हातात पिस्तूल घेऊन, ग्वार्दिया सिव्हिलचे शिपाई घेऊन आत घुसला. सरकारी बाकावरून साध्या सुटातला एक काटकुळा म्हातारा उठला, थेट शिपायांपाशी गेला आणि त्यांना हत्यारं खाली ठेवायचा हुकूम सोडला. तेहेरोने त्याला मागून धरून पाय घालून पाडायचा प्रयत्न केला. म्हातारा पडला नाही, बाकाला धरून उभा राहिला. छताच्या दिशेने गोळ्यांचा भडिमार झाला. साडेतीनशे लोकप्रतिनिधींचं सभागृह बाकांखाली गेलं. गुतिएरेस मेयादो उभेच होते. स्वारेस आणि कम्युनिस्ट नेते सान्तियागो कारियो आपापल्या जागी बसून होते. टीव्हीचा कॅमेरा चालू राहिला होता, म्हणून हे सगळं आपल्याला दिसतं.

ती चित्रफीत पाहताना बहुतेकांना शौर्य दिसतं. मला दुसरंच काही खटकतं आणि आवडतं. तो तिथे वीरासारखा वागत नाहीये. वरिष्ठ अधिकारी कनिष्ठाला ओरडतो तसा ओरडतोय. आपण हुकूम दिला तर समोरच्याने पाळायलाच हवा, याबद्दल त्याच्या मनात तसूभर शंका नाही. शिपाई हुकूम पाळत नाहीत हे पाहून तो घाबरत नाही, चिडतो. जणू कचेरीत कुणी फाइल चुकीच्या कपाटात ठेवली. त्या क्षणी तो काळजीवाहू उपपंतप्रधान होता, राजकीय वजन संपलेलं होतं. राहिला होता तो फक्त हुद्दा.

पुढे त्या रात्री तेहेरोच्या माणसांनी काही नेत्यांना सभागृहातून बाहेर काढून घड्याळांच्या दालनात नेऊन बसवलं. त्यांत विरोधी समाजवादी पक्षाचे नेते फेलिपे गोन्सालेस होते, गुतिएरेस मेयादो होते आणि सान्तियागो कारियोही होते. 1936च्या नोव्हेंबरमध्ये, पाराकुएयोसच्या त्या दिवसांत, माद्रिदच्या सार्वजनिक सुव्यवस्थेची जबाबदारी कारियो यांच्याकडे होती. कत्तलीचा हुकूम आपण दिला नाही असं ते आयुष्यभर सांगत आले. इतिहासकारांचा वाद अजून चालू आहे. त्या तुरुंगातून वाचलेला लेफ्टनंट आणि तो तरुण सुव्यवस्थाप्रमुख, चव्वेचाळीस वर्षांनी एका खोलीत, तिसऱ्याच कुणाच्या बंदुकीखाली.

बंड फसलं ते राजाने फोन फिरवले आणि मध्यरात्री एकनंतर टीव्हीवर येऊन संविधानाची बाजू घेतली म्हणून. बऱ्याच विभागांचे सेनानी तोवर वारा कुठला वाहतो ते पाहत होते. त्यांनी राजाचं ऐकलं ते लोकशाहीवरच्या निष्ठेपोटी, असं म्हणायला धाडस लागेल. फ्रांकोने मरताना लिहून ठेवलेल्या निरोपात राजाशी एकनिष्ठ राहायला सांगितलं होतं. म्हणजे हुकूमशहाने नेमलेल्या वारसाचा हुकूम पाळला गेला आणि त्यामुळे लोकशाही वाचली. शिस्तीची पूजा करणाऱ्यांनी हे वाक्य जरा सावकाश वाचावं. शिस्त त्या रात्री कामी आली, पण राजाने दुसरा हुकूम दिला असता तर तीच शिस्त दुसऱ्या बाजूलाही तितकीच कामी आली असती.

म्हणून मला कलम 34 त्या अर्ध्या मिनिटापेक्षा मोठं वाटतं. खटला उभा राहिला तेव्हा बचावाचा एक मोठा आधार होता 'वरून हुकूम होता' हाच. मिलान्स आणि तेहेरोंना तीस-तीस वर्षं झाली. खालच्या काही लेफ्टनंटांना लष्करी न्यायालयाने सोडून दिलं. 1983 मध्ये सर्वोच्च नागरी न्यायालयाने त्यांतल्या काहींना दोषी ठरवलं आणि कटातले जनरल आर्मादा यांची सहा वर्षांची शिक्षा तीस वर्षांवर नेली. लष्कराच्या माणसांचा निकाल शेवटी काळ्या झग्यातल्या नागरी न्यायाधीशांनी दिला. रणगाडे मागे वळले त्या पहाटेपेक्षा मला हा दिवस अधिक महत्त्वाचा वाटतो.

इथे थांबलो असतो तर लेख गौरवपर झाला असता. पण ज्या मापाने मी मोजतोय त्याच मापाने एक गोष्ट फार जड जाते. पोर्तुगालच्या क्रांतीनंतर, 1974च्या उन्हाळ्यात, बार्सेलोनात काही कॅप्टन आणि मेजर गुपचूप एकत्र आले आणि 'लोकशाहीवादी लष्करी संघ' काढला. स्पॅनिश आद्याक्षरांवरून त्याला 'यूएमडी' म्हणतात. त्यांना सत्ता नको होती. हुकूमशाही गेल्यावर लष्कराने लोकांच्या आड येऊ नये, एवढंच हवं होतं. जुलै 1975 मध्ये नऊ अधिकारी पकडले गेले. मार्च 1976 मध्ये, म्हणजे फ्रांको मेल्यानंतर, त्यांना शिक्षा झाल्या आणि लष्करातून काढलं गेलं. ऑक्टोबर 1977च्या सार्वत्रिक माफीच्या कायद्याने सगळ्यांना सामावून घेतलं. बॉम्ब ठेवणारे सुटले, फ्रांकोच्या काळात कैद्यांचा छळ करणारे सुटले. या मूठभर अधिकाऱ्यांना गुन्हा माफ झाला, पण गणवेश परत मिळाला नाही. त्यांना परत घेतलं तर लष्करात फूट पडेल, असं म्हणून ठाम विरोध करणाऱ्यांत संरक्षणमंत्री गुतिएरेस मेयादो होते.

त्यांची बाजू मला कळते. कार्ताहेनातल्या शिव्या खाणाऱ्या माणसाला लष्कराची नाडी माहीत होती. शिवाय तत्त्वाला तत्त्व: गणवेशात राजकारण नाही, मग ते लोकशाहीचं का असेना. तेहेरोला जे लागू ते यांनाही लागू. पण हे खरंच एक माप झालं का? गालाक्सियातल्या कटवाल्याला काही महिन्यांची कैद आणि पुन्हा नोकरी, आणि लोकशाही मागणाऱ्या कॅप्टनला कायमचं घरी बसवणं. बराकीतल्या तरुण लेफ्टनंटाने यातून कुठला धडा घेतला असेल? सवय लावण्याबद्दलच बोलायचं तर इथे गुतिएरेस मेयादोने सगळ्यात वाईट सवय लावली: बरोबर असलात तरी वेळेआधी बरोबर असू नका.

आपल्याला हे अनोळखी नाही. फेब्रुवारी 1946 मध्ये मुंबईच्या बंदरात बंड करणाऱ्या नौसैनिकांना स्वतंत्र भारताच्या नौदलाने परत घेतलं नाही. आझाद हिंद सेनेच्या अधिकाऱ्यांनाही भूदलाने घेतलं नाही. कारण तेच दिलं गेलं, शिस्त. कुलाब्यात आता त्या नौसैनिकांचं स्मारक आहे.

गोव्याची आठवण तर जास्तच नेमकी आहे, कारण तीही आयबेरियन, म्हणजे स्पेन-पोर्तुगालकडच्या, हुकूमशाहीचीच गोष्ट. डिसेंबर 1961 मध्ये पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याने गोव्याचे गव्हर्नर जनरल वासालो इ सिल्वा यांना निरोप धाडला की विजयी किंवा मृत याखेरीज तिसऱ्या प्रकारचा पोर्तुगीज सैनिक त्याला चालणार नाही. साडेतीनेक हजार माणसं, विमानं नाहीत, समोर भारताचं लष्कर. वासालो इ सिल्वा यांनी 19 डिसेंबरला शरणागती पत्करली आणि गोव्यातली गावं, माणसं वाचली. लिस्बनने 1963 मध्ये त्यांना लष्करातून हाकलून लावलं. 1974च्या क्रांतीनंतर त्यांचा हुद्दा परत केला. पुढे 1980 मध्ये ते गोव्यात आले तेव्हा लोकांनी त्यांचं प्रेमाने स्वागत केलं. हा जनरलही हुकूमशाहीच्या शिडीनेच वर चढला होता, लोकशाहीवादी वगैरे नव्हता. त्याच्यासमोर एक हुकूम आला आणि त्याने तो पाळला नाही. कलम 34 लिहिलं जाण्याच्या सतरा वर्षं आधी.

मग गुतिएरेस मेयादोंचं काय करायचं? हुकूमशाहीत शांतपणे नोकरी केलेल्या माणसांना सरसकट बाहेर काढलं तर नव्या राज्याची कचेरी चालवायला कुणी उरत नाही. सगळ्यांना आत ठेवलं तर कार्ताहेना आणि गालाक्सिया होतात. स्पेनने दुसरा रस्ता निवडला, एकाही अधिकाऱ्याला फ्रांकोच्या काळातल्या कृत्यांसाठी कोर्टात उभं केलं नाही. ग्रीसने 1975 मध्ये आपल्या कर्नलांवर खटले चालवले आणि ग्रीस मोडला नाही, हेही खरं. मला वाटतं, स्पेनचा रस्ता निभावला तो गुतिएरेस मेयादोसारखी माणसं त्या मठात आधीपासून होती म्हणून; आणि त्या रस्त्याचं बिल फाडलं गेलं ते यूएमडीच्या नावाने. दोन्ही गोष्टी एकाच माणसाने केल्या. त्यातली एक सांगून दुसरी गाळणारा लेख मी वाचतो तेव्हा तो माझ्याच्याने पुरा होत नाही.

निवृत्तीनंतर गुतिएरेस मेयादोंनी तरुणांना अमली पदार्थांपासून वाचवण्यासाठी 1986 मध्ये एक संस्था काढली आणि तिच्यासाठी गावोगाव फिरत राहिले. 1994 मध्ये त्यांना मानद कॅप्टन जनरल केलं गेलं. 15 डिसेंबर 1995 रोजी व्याख्यानासाठी बार्सेलोनाला जाताना ग्वादालाहारा प्रांतात, आल्कोलेआ देल पिनारजवळ, त्यांची मोटार घसरली आणि ते गेले.

यूएमडीच्या अधिकाऱ्यांना लष्करात परतायची मुभा देणारा कायदा 1986 मध्ये झाला. तोवर बहुतेकांनी दुसरीकडे संसार थाटले होते, परत गेले ते फार थोडे. 2010च्या फेब्रुवारीत संरक्षणमंत्री कार्मे चाकोन यांनी त्यांच्यातल्या काहींना लष्करी पदकं दिली. काही पदकं मरणोत्तर होती, ती घ्यायला घरची माणसं आली होती.